चर्चा: सुझन लेसी यांचे चरित्रपट, शोध की गौरवग्रंथ?

धागाकर्ती:
सुझन लेसी यांनी १९८६ मध्ये अमेरिकेच्या पीबीएस या सार्वजनिक वाहिनीवर 'अमेरिकन मास्टर्स' ही कलावंतांवरच्या माहितीपटांची मालिका सुरू केली आणि २०१३ पर्यंत ती सांभाळली. कलावंताचं आयुष्य टीव्हीवर निवांत, दीड-दोन तास सांगायची सवय त्यांनी लावली. नंतर त्या एचबीओ वाहिनीकडे गेल्या आणि तिथे यांच्यावर चित्रपट केले: दिग्दर्शक स्पीलबर्ग, अभिनेत्री जेन फोंडा, फॅशन डिझायनर राल्फ लॉरेन, गायक बिली जोएल. या चौघांनी स्वतः कॅमेऱ्यासमोर बसून सहकार्य केलं, आणि मला तेच खटकतं. ज्याच्यावर चित्रपट, त्याच्याच घरातले फोटो, त्याचेच मित्र. राल्फ लॉरेनवरचा तर मला सरळ गौरवग्रंथ वाटला. चाळीस वर्षांच्या कामाबद्दल आदर आहे, म्हणूनच तक्रार करते आहे.

प्रतिसाद १:
पूर्ण असहमत. फोंडांचा २०१८ चा चित्रपट पाहा. त्याचे पाच अंक आहेत. पहिल्या चारांना पुरुषांची नावं: वडील हेन्री, मग तिन्ही नवरे. 'जेन' थेट पाचव्यात येते. ऐंशीच्या घरातली बाई आपलं आयुष्य असं मांडू देते, १९७२ मध्ये, व्हिएतनाम युद्ध चालू असताना, शत्रूच्या हनोईत विमानविरोधी तोफेवर बसल्याची खंत बोलून दाखवते. परक्याला हे कोण सांगेल?
बिली जोएलच्या चित्रपटात तर ज्या मित्राची बायको त्यांच्या प्रेमात पडली, तो मित्रही बोलतो आणि ती बाईही. गौरवग्रंथात दुखावलेल्यांना जागा नसते.

धागाकर्ती:
जोएलचं मान्य. पण गायक बॉब डिलनचं काय? २००५ चा 'नो डायरेक्शन होम' 'अमेरिकन मास्टर्स'मध्येच दाखवला गेला. दिग्दर्शक स्कॉर्सेसी, पण डिलनची मुलाखत घेतली त्यांच्याच मॅनेजरने. काय विचारायचं आणि काय नाही, हे घरच्याच माणसाने ठरवलं. चित्रपट उत्तम आहे, मला फार आवडतो, तरी हे डोक्यातून जात नाही.

प्रतिसाद २:
तुम्ही दोघंही दिग्दर्शनाबद्दल बोलताय. निर्मातीचं निम्मं काम हक्क मिळवण्यात जातं. गायकावर चित्रपट करायचा तर गाणी हवीत. गाण्यांचे हक्क त्याच्याकडे, कंपनीकडे किंवा वारसांकडे. पत्रं, घरगुती चित्रफिती, जुन्या कार्यक्रमांचं चित्रीकरण, प्रत्येकाची परवानगी वेगळी, पैसे वेगळे. जोनी मिचेलसारख्या गायिकेवर गाण्यांशिवाय काय दाखवणार? संमती ही भिडस्तपणाची गोष्ट नाही, तिच्याशिवाय चित्रपट उभाच राहत नाही. लेसींनी ही दारं एवढी वर्षं उघडून घेतली, हेच त्यांचं मोठं कर्तृत्व.

धागाकर्ती:
हक्कांचा हा भाग मी धरला नव्हता, पटला. मग निदान सुरुवातीला पाटी तरी लावा: मुलाखत कोणी घेतली, अंतिम संकलनावर कोणाचा शब्द चालला. दोन ओळी पुरतील.

प्रतिसाद १:
पाटीला माझा पाठिंबा. 'गौरवग्रंथ' हा शब्द मात्र फोंडांच्या चित्रपटासाठी मागे घ्या.

धागाकर्ती:
फोंडांसाठी घेतला. राल्फ लॉरेनसाठी नाही.