१८५६ च्या मॉर्मन हातगाड्या: माणसं का निघाली, आणि गाड्या मोडल्या कशानं?

टिपणवही
कोल्हापुरात अमेरिकन मिशन म्हटलं की १८५२ साली आलेले प्रेस्बिटेरियन वाइल्डर आठवतात. त्याच काळातल्या मॉर्मन या अमेरिकन ख्रिस्ती पंथाच्या मंडळीवर इथल्या वाचक गटासाठी टिपण करतोय. संस्थापक जोसेफ स्मिथ, सोन्याच्या पत्र्यांवरचा ग्रंथ, १८३० ची स्थापना, १८४४ ला तुरुंगात झालेला स्मिथचा खून, त्याच्यानंतरचा पुढारी ब्रिगहॅम यंग, १८४७ ला सॉल्ट लेकचं खोरं, एवढा सांगाडा तयार आहे. अडलंय १८५६ पाशी. इंग्लंडमधली गरीब कुटुंबं पोराबाळांसकट हातगाड्या ओढत दोन हजार किलोमीटर चालली आणि दोनशेहून जास्त माणसं वाटेत गेली. तिकडंच जायला हवं, असं त्यांच्या शिकवणीत कुठं होतं? आणि बैलगाड्या असताना हातगाडी का, ती मोडली कशानं? "थंडी पडली म्हणून मेले" एवढ्यावर ऐकणारे गप्प बसायचे नाहीत. निम्मे शेतकरी आणि गुऱ्हाळवाले आहेत, गाडी त्यांना कळते.

जुनी_बखर
आधी शब्दाचा घोळ काढा. ही मंडळी स्वतःला "शेवटच्या दिवसांचे संत" म्हणवते. आपल्याला संत म्हटलं की ज्ञानोबा-तुकोबा दिसतात. इथं संत म्हणजे कुठलाही साधा सभासद, मराठी बायबलात "पवित्र जन" येतं त्या अर्थानं. "शेवटचे दिवस" मात्र शब्दशः घ्या. ख्रिस्त लवकरच परत येणार, त्याआधी त्याच्या लोकांनी एका जागी जमायचं, ही आज्ञा स्मिथनं सप्टेंबर १८३० मध्येच सांगितली, म्हणजे मंडळी स्थापन होऊन सहा महिनेही झाले नव्हते. आधी ओहायोत कर्टलँड, मग मिसूरीत जॅक्सन काउंटी, मग इलिनॉयमध्ये नॉवू, शेवटी सॉल्ट लेक. जागा बदलत गेली, आज्ञा तीच राहिली.

वाइल्डरांच्या पंथाशी तुलना केलीत तर फरक इथं उठून दिसेल. प्रेस्बिटेरियन माणसाला कोल्हापुरात राहून पूर्ण ख्रिस्ती होता येतं. मॉर्मनांचं तसं नव्हतं. देव आजही संदेष्ट्याशी बोलतो आणि शास्त्र बंद झालेलं नाही, हा त्यांचा पहिला दावा. दुसरा मंदिराचा. नवरा-बायको, आई-बाप, लेकरं यांची नाती मरणापलीकडे टिकवणारे विधी मंदिरातच होतात, आणि मंदिर बांधायला लोक एका जागी हवेत. लोकांना गोळा करण्याचा मुख्य हेतू हाच, असं स्मिथनं १८४३ मध्ये स्पष्ट शिकवलं होतं. म्हणून लँकेशायरमधल्या विणकराला सॉल्ट लेक म्हणजे मुलाबाळांसकट कायमचं एकत्र राहण्याची जागा वाटायची. हे टिपणात आलं नाही तर गाडी ओढणारी माणसं उगाच वेडी दिसतील, आणि तो त्यांच्यावर अन्याय होईल.

संख्या लक्षात ठेवा. १८५० च्या जनगणनेत युटाची, म्हणजे सॉल्ट लेकच्या प्रदेशाची, लोकवस्ती ११,३८०. त्याच सुमारास ब्रिटनमध्ये मॉर्मन सभासद तीस हजारांहून जास्त. यांना आणायला १८४९ मध्ये कायमस्वरूपी स्थलांतर निधी काढला होता. निधीनं उसने पैसे द्यायचे, माणसानं पोचल्यावर फेडायचे, त्यातून पुढचा यायचा. १८५५ ला युटात टोळ आणि अवर्षण आलं, पीक बुडालं, निधी आटला. म्हणून यंगनं बैलगाडीऐवजी हातगाडीची योजना काढली. लिव्हरपूल ते सॉल्ट लेक, मोठ्या माणसाला ९ पौंड.

बहुपत्नीत्वामुळे मिसूरीतून हाकललं, असं पुष्कळ ठिकाणी वाचाल. ते उचलू नका. १८३३ मध्ये जॅक्सन काउंटीतून काढलं तेव्हाची भांडणं जमीन, एकगठ्ठा मतं आणि गुलामगिरीवरून होती. बहुपत्नीत्वाची शिकवण १८४३ मध्ये लिहून ठेवली गेली आणि जाहीर झाली ती १८५२ ला.

धाव_आणि_आरे
गाडीचं मी लिहितो. ठरलेला हिशोब असा होता: पाच माणसांना एक हातगाडी, वीस जणांना एक तंबू, शंभर माणसांमागे सामानाची एक मोठी बैलगाडी. माणशी स्वतःचं सामान १७ पौंड, म्हणजे पावणेआठ किलो. त्यात अंथरूण, कपडे आणि भांडी सगळं आलं. रोजचं पीठ माणशी एक पौंड, म्हणजे साडेचारशे ग्रॅम. मध्यम पाच भाकऱ्यांचं पीठ. त्यातून सोळाशेच्या आसपास कॅलरी मिळतात, आणि दिवसभर गाडी ओढून वीस-पंचवीस किलोमीटर चालणाऱ्याला याच्या दुपटीहून जास्त लागतात. म्हणजे बर्फ पडायच्या कितीतरी आधीपासून माणूस रोज आतून झिजत होता.

आता गाडी. लक्ष्मीपुरीत भाजीची हातगाडी दिसते ती डोळ्यांपुढून काढा. ही दोनच चाकांची, पुढं दोन दांड्या आणि त्यांना जोडणारा आडवा दांडा. त्या दांड्याच्या आत उभं राहून छातीनं रेटायचं, बाकीच्यांनी मागून ढकलायचं. पैसे आणि वेळ वाचवायला बहुतेक गाड्यांना लोखंडी आस बसवलाच नव्हता. आस लाकडी, आणि तुंब्याच्या, म्हणजे चाकाच्या मधल्या गड्ड्याच्या, भोकात लोखंडी अस्तर नाही. लाकडावर लाकूड फिरणार.

आयोवा सिटीत आगगाडीचा मार्ग संपायचा. तिथं गाड्या तयार मिळायला हव्या होत्या. उशिरा आलेल्या तुकड्यांसाठी त्या नव्हत्या, मग घाईघाईनं ओल्या लाकडाच्या ठोकल्या. इथंच घात झाला. ओलं लाकूड वाळताना रेषांच्या आडव्या दिशेनं आकसतं, लांबीत जवळजवळ नाही. म्हणून आऱ्याची लांबी तेवढीच राहते, पण तुंब्यात बसवलेलं त्याचं टोक बारीक होतं आणि खुळखुळायला लागतं. चाकाचा बाहेरचा लाकडी घेरही आकसतो, त्यावरची लोखंडी पट्टी, म्हणजे धाव, सैल होऊन निसटते. आयोवाची हवा दमट. तिथून पश्चिमेला नेब्रास्का, मग वायोमिंग, उंची वाढत साउथ पासला २,२०० मीटरच्या वर, हवा कोरडी. गाडी जणू भट्टीकडे चालत होती. आपल्याकडे उन्हाळ्यात चाकं नदीत भिजत घालतात ती याच दुखण्यावर, पण रोज चालणाऱ्या तुकडीला तेवढी सवड कुठली.

दुसरं दुखणं वंगणाचं. वाट वाळूची. वंगण लावलं की वाळू त्याला चिकटते आणि तो लगदा कानशीसारखा आस कापतो. वंगण नाही लावलं तर लाकूड कोरडं घासतं. दोन्हीकडून मरण. लोकांनी डुकराची चरबी आणि साबण आसाला लावला, म्हणजे तोंडातला घास चाकाला गेला. बुटाचं चामडं आणि ताटाचा पत्रा कापून आसाभोवती गुंडाळला.

वर फ्लॉरेन्सला, आजच्या ओमाहाजवळ, उशिरा आलेल्यांपैकी विली तुकडीच्या प्रत्येक गाडीवर ९८ पौंडांचं पिठाचं पोतं चढवलं, कारण बैलगाड्यांत जागा नव्हती. पाच माणसांचं सामान ८५ पौंड, त्यावर हे ९८. ओझं एका दिवसात दुपटीहून जास्त झालं, आणि तेही आधीच ढिल्या झालेल्या चाकांवर.

मिरज_रोड
वरचं सगळं बरोबर, पण सगळा दोष लाकडाच्या माथी मारू नका. तारखा शेजारी शेजारी ठेवून बघा. पहिली तुकडी, एल्सवर्थची, ९ जूनला निघाली, २६ सप्टेंबरला पोचली: १०९ दिवस. विलीची १५ जुलैला निघाली, ९ नोव्हेंबरला पोचली: ११७ दिवस. मार्टिनची २८ जुलै ते ३० नोव्हेंबर: १२५ दिवस. पहिलीनं जे आठवडे काढले त्याहून विलीला फक्त आठ दिवस जास्त लागले, तेही शेवटी बर्फात अडकून. वेग जवळपास तोच होता. फरक निघण्याच्या तारखेचा. आणि ती चुकली लिव्हरपूललाच. विलीचे लोक ज्या जहाजानं आले ते मे महिन्याच्या सुरुवातीला सुटलं, मार्टिनचे बरेचसे मेच्या अखेरीस. आयोवात गाड्यांची वाट पाहण्यात आणखी दिवस गेले.

टिपणवही
तारखांचा तक्ताच फळ्यावर लिहीन. पण मग फ्लॉरेन्सला कुणी थांबा म्हणालं नाही का? तिथं ऑगस्ट उजाडला होता.

मिरज_रोड
एक जण म्हणाला. लेव्हाय सॅव्हेज. त्यानं सभेत सांगितलं की म्हातारी माणसं, बायका आणि लहान लेकरं घेऊन इतक्या उशिरा डोंगर चढायला जाऊ नये, हिवाळा इथंच काढावा. बहुमत जाण्याच्या बाजूचं झालं. देव आपल्या लोकांसाठी वादळ थोपवील, अशी भाषा पुढारी करत होते. सॅव्हेज म्हणाला, मग मीही येतो, तुमच्याबरोबर सोसीन आणि वेळ आली तर मरेन. आणि तो खरोखर गेला, शेवटपर्यंत राबला. माझ्या मते तुमच्या टिपणाचा कणा हा माणूस आहे. श्रद्धा असलेल्या माणसानंच श्रद्धेच्या सभेत धोका सांगितला, आणि हरल्यावर पाठ फिरवली नाही.

त्याचा आपल्या बाजूशीही धागा आहे. सयामला (आजच्या थायलंडला) पाठवलेल्या ज्या चार मिशनऱ्यांची टोळी १८५३ मध्ये कलकत्त्याला उतरली, त्यात सॅव्हेज होता. तो ब्रह्मदेशात राहून परतला होता. त्याच सुमारास ह्यू फिंडले हा मॉर्मन मिशनरी मुंबईत उतरून पुण्याला गेला. तिथं एक छोटी शाखाही झाली. सभासद बहुतेक युरोपियन, त्यात पलटणीतले लोक. काही वर्षांत हे मिशन आटोपलं. "सगळं सोडून सॉल्ट लेकला चला" ही शिकवण इथं रुजायला कठीणच होती.

जुनी_बखर
शेवटचा भाग जोडून देतो. वाटेवरच्या फोर्ट लॅरमी ठाण्यावर मिळेल म्हटलेलं पीठ नव्हतं, वाटप कमी केलं. वाटेत विलीचे तीसएक बैल पळाले, म्हणून बैलगाड्यांना दुभत्या गाई जुंपल्या. मार्टिनच्या लोकांनी ओझं हलकं करायला सामान माणशी १० पौंडांवर आणलं, म्हणजे पांघरुणं टाकली. १९ ऑक्टोबरला त्यांनी प्लॅट नदी शेवटची ओलांडली आणि त्याच दिवशी बर्फ सुरू झालं. ओले कपडे, पांघरूण नाही, पोटात अर्धं पीठ. मृत्यू विलीच्या सुमारे ५०० पैकी सत्तरच्या आसपास, मार्टिनच्या ५७६ पैकी १३५ ते १५०.

तुकड्या अजून वाटेतच आहेत ही बातमी सॉल्ट लेकमध्ये ४ ऑक्टोबरला पोचली. दुसऱ्या दिवशी यंगनं भर सभेत सगळा उपदेश बाजूला ठेवून खेचरं, गाडीवान आणि पीठ मागितलं. ७ तारखेला पहिल्या गाड्या सुटल्याही. त्या गेल्या नसत्या तर दोन्ही तुकड्यांतलं कुणी वाचलं असतं असं वाटत नाही.

हातगाड्या तिथंच थांबल्या नाहीत, हेही सांगा. १८६० पर्यंत एकूण दहा तुकड्या गेल्या, माणसं तीन हजारांच्या आसपास, आणि विली-मार्टिनसारखी गत पुन्हा कुणाची झाली नाही. १८६१ पासून युटातूनच बैलगाड्या वसंतात पूर्वेला पाठवायच्या आणि उन्हाळ्यात माणसं भरून आणायच्या, अशी रीत पडली. बैल तिथलेच, गाडीवान वाट माहीत असलेले, आणि पिठाचे साठे जाताना वाटेत ठेवत जायचे. १८६९ ला रेल्वे जोडली गेली तोवर तेच चाललं.