माचिको क्यो नाचातून आली, म्हणून तिला अभिनेत्री म्हणून कमी मोजलं गेलं का?

सांजवेळ:
परवा रात्री परत एकदा कुरोसावाचा 'राशोमोन' बघितला आणि तेव्हापासून हे डोक्यातून जात नाहीये, म्हणून धागा काढतेय. जुन्या जपानी सिनेमातल्या अभिनेत्री म्हटलं की आपल्याकडचे सिनेमावेडे सेत्सुको हारा सांगतात, किनुयो तानाका, हिदेको ताकामिने सांगतात. माचिको क्योचं नाव काढलं तर "हो, ती राशोमोनवाली ना" आणि विषय संपला. मला हे पटत नाही.

बाई ओसाकाची, जन्म १९२४. बाराव्या वर्षी, म्हणजे १९३६ला, ओसाका शोचिकुच्या मुलींच्या संगीत-नृत्य मंडळीत गेली आणि पुढची बारा-तेरा वर्षं स्टेजवर नाचली. १९४४ला सिनेमात दोन किरकोळ कामं केली तेवढीच, खरी आली ती १९४९ला दाईए स्टुडिओत. तिथे तिचे पाय, तिची अंगकाठी बघून स्टुडिओने तिला 'निकुताईहा' म्हणून विकली, म्हणजे देहाच्या जोरावर चालणारी नटी. पुढे तिच्या सिनेमांना व्हेनिस, कान अशा महोत्सवांत सगळीकडे बक्षिसं मिळायला लागली तेव्हा तिला 'ग्रां प्री नटी' म्हणायला लागले, पण तेही परत सिनेमाच्या बक्षिसाचंच नाव, तिच्या कामाचं नाहीच. माझं म्हणणं एवढंच आहे की तिचा अभिनय नाचातच तयार झाला, आणि नेमकं तेच कारण देऊन तिला खालच्या पाटावर बसवलं. तुम्हाला काय वाटतं?

रानवाट:
सॉरी, पण मला तुमचं पटलं नाही. दहा वर्षांत कुणाकुणाकडे काम केलंय बघा. कुरोसावा, मिझोगुची, किनुगासा, नारुसे, इचिकावा, ओझू. एवढे दिग्दर्शक लाभल्यावर कुणीही बरी नटी चमकेल. शिवाय राशोमोन, उगेत्सु, कागी, ओझूचा उकिगुसा या चारही सिनेमांचा कॅमेरा काझुओ मियागावाचा, पानांतून झिरपणारं ऊन त्या माणसाने तिच्या चेहऱ्यावर आणलं त्याचं श्रेय तिला कसं द्यायचं? 'गेट ऑफ हेल' घ्या, १९५४ला कानचं सर्वोच्च बक्षीस आणि नंतर वेशभूषेचं ऑस्करही, पण ते सगळं रंगांचं आणि किमोनोंचं कौतुक होतं, तिला त्यात सोसत बसण्यापलीकडे काही कामच नाही. आणि राशोमोनमधलं ते रडणं, किंचाळणं, हसणं मला दरवेळी जास्तच वाटतं. स्टेजवर शेवटच्या रांगेपर्यंत पोचायची सवय लागली की कॅमेऱ्यासमोर ती सुटत नाही.

सांजवेळ:
रानवाट, जास्त वाटतं ते जास्त हवंच होतं म्हणून. कुरोसावाने आत्मचरित्रात लिहिलंय की त्याला मूकपटांच्या सौंदर्याकडे परत जायचं होतं. डाकू झालेला मिफुने त्यात जनावरासारखा अंग खाजवतो, उड्या मारतो, त्याला आपण ऊर्जा म्हणतो आणि तिने तेच केलं की स्टेजची सवय?

आणि एकाच गुन्ह्याची गोष्ट डाकू, बायको, मेलेला नवरा आणि लाकूडतोड्या आपापल्या परीने सांगतात, त्या चार साक्षींमधल्या चार बायका आठवा. नवऱ्याच्या थंड नजरेने मोडून पडणारी एक, लाकूडतोड्याच्या गोष्टीत दोन्ही पुरुषांना हसून हसून लाज काढणारी एक. तिथे ती आधी जमिनीवर पडून रडत असते आणि रडता रडता तेच हुंदके हसण्यात कधी शिरले ते कळत नाही, नुसत्या पाठीवरून कळतं की आता बाई बदलली. ही पाठ मियागावाने नाही हलवली हो.

कुरोसावानेच लिहिलंय की ती सकाळी तो झोपेत असतानाच स्क्रिप्ट घेऊन येऊन बसायची आणि कसं करायचं ते शिकवा म्हणायची. मेकअपच्या चाचणीला तर भुवया भादरून आली होती. एवढी तयारी करून येणाऱ्या बाईला आपण नशीबवान म्हणून मोकळं व्हायचं हे बरोबर नाही.

वळचण:
मी मधला मार्ग काढत नाहीये, मी सरळ उलटं म्हणतो. ती मोठी झाली ती नाच विसरली तेव्हा. पुण्यात फिल्म अर्काइव्हला ओझूचा 'उकिगुसा' (१९५९) मोठ्या पडद्यावर बघितला होता, तो भर पावसातला भांडणाचा सीन अजून डोळ्यासमोर आहे. अरुंद गल्ली, मधे धो धो पाऊस, एका बाजूच्या वळचणीखाली नाटक मंडळीचा मालक आणि समोरच्या वळचणीखाली त्याची बाई म्हणजे क्यो. तो वाटेल ते बोलतो, ही त्याच्यासाठी काय काय केलं ते काढते, दोघं येरझारा घालतात पण गल्ली कुणीच ओलांडत नाही. आणि शेवटी स्टेशनवर तो सिगरेटसाठी काडेपेटी चाचपत असतो तेव्हा ही उठून काडी ओढून पुढे धरते. बस्स. यात नृत्य कुठे आलं? एका दमलेल्या, मत्सरी, तरीही न सोडणाऱ्या बाईचं काम आहे ते, ओझूने तिच्यातला सगळा स्टेज काढून टाकला आणि खाली माणूस निघालं.

सांजवेळ:
वळचण, सीन अगदी माझ्या मनातला काढलात आणि तोच माझा पुरावा आहे! ओझू कॅमेरा हलवत नाही, गल्ली आडवी चौकटीत ठेवून देतो, म्हणजे नटाला नुसतं चालण्यातून राग दाखवायचाय. ती चार पावलं जाते, थबकते, मान आधी वळते आणि खांदा मागून येतो. हे मोजून केलेलं आहे. नाचणाऱ्याला कुठे थांबायचं ते कळतं, आणि तिचं थांबणं फार भारी आहे.

मिझोगुचीच्या 'उगेत्सु'मधली वाकासा बाई बघा, कुंभाराला भुलवणारं भूत. भुवया पुसून कपाळावर वर काढलेल्या, चेहरा जवळजवळ मुखवटा, म्हणजे चेहऱ्याने करायचं सगळं काढून घेतलं. मग राहिलं काय? जमिनीवरून पाय न उचलता सरकत येणं. कुंभाराजवळ येते तर किमोनोचा घोळ तेवढा येतो, बाई आलीय असं वाटतच नाही. तिथे मला अंगावर काटा आला होता.

रानवाट:
थांबा, इथे गल्लत होतेय. ते पाय सरकवणं नोह नाट्यातलं आहे आणि मिझोगुचीने ते मुद्दाम आणलंय. ओसाका शोचिकु म्हणजे रेव्ह्यू, रांगेत उभं राहून पाय उडवणाऱ्या मुली. त्याचा नोहशी काय संबंध?

सांजवेळ:
रेव्ह्यू म्हणजे नुसते पाय उडवणं नव्हतं. त्या मंडळीचा वसंतातला 'हारु नो ओदोरी' हा कार्यक्रम १९२६पासूनचा, त्यात जपानी नाचही असायचे. नोह वेगळं हे मान्यच, पण किमोनोत वजन खाली ठेवून चालायची सवय अंगात असलेल्या बाईला मिझोगुचीने सांगितलं आणि तिने केलं. ज्या नटीच्या अंगात ते नाही तिला सांगून बघा.

निळीशाई:
सगळे वाचतेय. मला दोन्ही बाजूंशी भांडायचंय. सांजवेळ, तुम्ही देहाचं लेबल अन्याय म्हणताय, पण ते लेबल घेऊन तिने काय केलं हे तुम्हीच सोडलंत. मिझोगुचीचा शेवटचा सिनेमा, 'अकासेन चिताई', १९५६. योशिवारातल्या कुंटणखान्यात मिकी म्हणून येते, पाश्चात्त्य कपडे, शिंपल्याच्या सजावटीत उभी राहून मी व्हीनस म्हणते. तिला बघायला लोक ज्यासाठी यायचे तेच ती दाखवतेय. आणि मग कोबेहून बाप न्यायला येतो, घराण्याची अब्रू, बहिणीचं लग्न वगैरे काढतो, आणि ही त्याच्या बाहेरख्यालीपणाचा हिशोब मांडते आणि सरळ त्यालाच गिऱ्हाईक हो म्हणते. मी तो सीन थांबवून पाणी प्यायले होते. त्याच वर्षी जपानमध्ये वेश्याव्यवसायविरोधी कायदा झाला, म्हणजे हा विषय तेव्हा किती पेटलेला होता बघा.

पण त्याच वर्षी हॉलिवूडने काय केलं? 'टीहाउस ऑफ द ऑगस्ट मून'. मार्लन ब्रँडोला ओकिनावाचा माणूस बनवलं आणि खऱ्या जपानी अभिनेत्रीला लोटस ब्लॉसम नावाची गोड गेइशा. नाचली, गोल्डन ग्लोबचं नामांकन मिळालं. मला त्याचा राग येतो. नाच हा तिचा पाया होता हे कबूल, पण तोच तिच्या गळ्यात अडकवलाही गेला, हे तुम्ही बोलत नाही आहात.

सांजवेळ:
हे मात्र खरंय, टीहाउस मी सोयीने सोडला. त्यात नाच आहे पण ती नाही. तुमचं म्हणणं लागलं.

वळचण:
मिकीचा मुद्दा जबरदस्त. तरी माझं पहिलं स्थान उकिगुसालाच.

रानवाट:
मी मियागावाचा मुद्दा सोडणार नाही, पण अकासेन चिताई त्याचाच आहे आणि तिथे मला कॅमेरा आठवत नाहीये, मिकीचं च्युइंगम आणि तो बाप आठवतोय, हे कबूल करतो. नारुसेचा 'आनी इमोतो' (१९५३) मियागावाचा नाही ना? त्यात भाऊ मासायुकी मोरी आहे, म्हणजे राशोमोनमधला नवरा आणि उगेत्सुमधला कुंभार तोच. भावाबहिणीची मारामारी आहे म्हणतात. बघून इथेच लिहितो.

सांजवेळ:
बघाच. मारामारीत ती कशी उठून उभी राहते तेवढं लक्षात ठेवा.