'डॉक्टर हू'ची शीर्षकधून नेमकी कोणाची?

टेपकातर: कालप्रवाशाची ही मालिका बीबीसीवर २३ नोव्हेंबर १९६३ला सुरू झाली. शीर्षकधूनेला नाव लागतं संगीतकार रॉन ग्रेनर यांचं. माझ्या मते ती प्रत्यक्ष घडवणाऱ्या, बीबीसीच्या रेडिओफोनिक वर्कशॉप या ध्वनिविभागातल्या डेलिया डर्बीशायर यांचं नाव पहिल्या दिवसापासून शेजारी हवं होतं. ग्रेनर यांनी दिला एक कागद: चाल, बेस (खालच्या सुरांची साथ) आणि 'ढग', 'वाऱ्याचे बुडबुडे' असल्या सूचना. ढग कशावर वाजवायचे? विजेवर हवा तो आवाज घडवणारा सिंथेसायझर तेव्हा बाजारात मिळत नव्हता.

नोटेशनप्रेमी: कागदावर सूर आहेत ना? मग रचना झाली. अरेंजर, म्हणजे वाद्यसंयोजक, सेबॅस्टियन डिसूझा यांनी शंकर-जयकिशनसाठी अख्खा वाद्यवृंद लिहिला, तरी गाणी शंकर-जयकिशनचीच. शिवाय १९८० बघा. पीटर हॉवेल यांनी सिंथेसायझरवर ती नव्याने केली, पट्टी ई मायनरवरून एफ शार्प मायनरला चढवली, तरी धून दोन सेकंदांत ओळखू येते.

टेपकातर: अरेंजर व्हायोलिनचं काम व्हायोलिनला देतो. इथे वाद्यच नव्हतं! बेससाठी तार छेडली, ती टेपवर घेतली आणि टेपचा वेग बदलून बाकीचे स्वर काढले. वेग दुप्पट केला की स्वर एक सप्तक चढतो. अर्धस्वर चढवायचा तर सुमारे सहा टक्के वाढ. पण वेग वाढला की स्वर आखूडही होतो, म्हणून प्रत्येक स्वर पुन्हा मुद्रित करून, फुटपट्टीने मोजून कापायचा. टेप सेकंदाला १५ इंच धावत असेल तर अर्ध्या सेकंदाचा स्वर साडेसात इंचांचा. त्यात एक इंच इकडेतिकडे झाला की ठेका लंगडतो. वरची चाल मुख्यतः उपकरणं तपासायच्या ऑसिलेटरवर (विजेवर सलग एक सूर काढणारं यंत्र), त्यातली घसीट नॉब हाताने फिरवून. धुनेतली फुसफुस म्हणजे फिल्टरमधून गाळलेला व्हाइट नॉइज, रेडिओच्या खरखरीसारखा आवाज. हे सगळं कागदावर कुठे होतं?

ध्वनिमिस्त्री: थोडी भर. टेप सरळ कापली की सांध्यावर 'टक्' होतं, म्हणून काप तिरका घेतात. एकाच टेपवर अनेक थर वेगवेगळे घेणारं मल्टिट्रॅक यंत्र हाताशी नव्हतं. थरांच्या टेपा वेगवेगळ्या यंत्रांवर लावून एकदम सोडायच्या आणि एकत्र उतरवून घ्यायच्या. एकदा एक सूर काही केल्या जुळेना, तेव्हा डर्बीशायर आणि त्यांचे सहायक डिक मिल्स यांनी टेपा लांबलचक कॉरिडॉरमध्ये शेजारी-शेजारी उलगडल्या. जिथे सांधे समोरासमोर येईनात, तिथे चूक. (आज स्क्रीनवर हेच करतो, फक्त वाकावं लागत नाही.) कारागिरी अफाटच, पण कारागिरीला रचना म्हणायला मी तयार नाही. मत नोटेशनप्रेमींना.

टेपकातर: मग १९७२चं काय? त्याच विभागाने तीच धून 'डेलावेअर' या टोपणनावाच्या ईएमएस कंपनीच्या भल्यामोठ्या सिंथेसायझरवर केली. कागद तोच. ऐकायला इतकी किरकिरी की ती बाजूला ठेवून पुन्हा जुनीच लावली. आणि २००५ला मालिकेचे नवे संगीतकार मरे गोल्ड यांनी वाद्यवृंद आणला, पण १९६३च्या मुद्रणातले आवाज त्यात ठेवलेच.

नोटेशनप्रेमी: डेलावेअर फसली म्हणजे वाईट वादनाने चांगली चाल बुडते, एवढंच सिद्ध झालं. गोल्डचा मुद्दा मात्र जड आहे, तो मानतो. तरीही चालीचं श्रेय वाटता येत नाही.

ध्वनिमिस्त्री: गंमत म्हणजे ग्रेनर स्वतःच वाटायला तयार होते. डर्बीशायर यांना सहसंगीतकार म्हणा, असं त्यांचं म्हणणं होतं. बीबीसीने नकार दिला, कारण रेडिओफोनिक वर्कशॉपमधल्या माणसांची नावं न देता फक्त विभागाचं नाव द्यायची पद्धत होती. पडद्यावर डर्बीशायर यांचं नाव आलं ते २०१३च्या पन्नाशीच्या भागात. त्या २००१मध्येच गेल्या होत्या.

नोटेशनप्रेमी: नाव द्यावं, नक्कीच. फक्त 'संगीत' या रकान्यात नको. 'ध्वनिरूप' असा वेगळा रकाना करा.

टेपकातर: करा की. आणि रॉयल्टी त्यातल्या कोणत्या रकान्याला मिळणार, तेही लिहा.