एन्सेनादाला सुधारक म्हणायचं का?

प्रश्न (जुनीवही): अठराव्या शतकातल्या स्पेनवर वाचतोय आणि राजाचा मंत्री मार्केस दे ला एन्सेनादापाशी येऊन अडकलोय. सरदार असो की चर्च, ज्याची जेवढी मिळकत तेवढा कर त्याने भरावा म्हणून हा माणूस १७४९ मध्ये अख्ख्या कास्तीयाची, म्हणजे स्पेनच्या मोठ्या भागाची, जमीन-मिळकतीची मोजणी लावतो, आणि त्याच वर्षी गितानो (स्पेनमधले रोमा, जिप्सी) लोकांची देशभर धरपकड, तीही याच्याच हाताने. मग सुधारक कशाच्या जोरावर म्हणतात? जाणकारांनी सांगा प्लीज.

गलबत: आधी हे बघा की माणूस बड्या घराण्यातला नव्हता. खरं नाव सेनोन दे सोमोदेविया, जन्म १७०२, ला रिओहा. नौदलाच्या कचेरीत कारकुनीपासून सुरुवात, तिथे मंत्री पातिन्योच्या नजरेत भरला, मग १७४३ ला आधीचा मंत्री कांपियो वारला आणि अर्थ, युद्ध, नौदल, इंडीज (अमेरिकेतल्या वसाहती) अशी चारही खाती एकदम याच्याकडे आली. खरं वेड आरमाराचं. फेरोल, कार्ताहेना, कादिसच्या गोद्यांवर पैसा ओतला, नौदल अधिकारी होर्हे हुआनला तर गुपचूप लंडनला धाडलं, तिथले जहाजबांधणीचे कारागीर फोडून आणायला, आणि त्याने आणलेही. इंग्रजांच्या डोळ्यात तो सलणारच. राजदूत कीनने दरबारातल्या विरोधकांना हाताशी धरलं, जुलै १७५४ मध्ये एन्सेनादाला रात्री घरातून उचललं आणि थेट ग्रानादाला रवानगी.

मोहोळ: मोजणीबद्दल मी लिहिते, कारण माझा जीव तिच्यातच अडकलाय. गावात सरकारी माणूस यायचा, गावचा अल्काल्दे (नगराध्यक्ष) आणि शेतीतले जाणते लोक शपथेवर बोलायचे, पाद्रीही हजर. एकूण ४० प्रश्न. जमीन किती, कुठल्या प्रतीची, झाडं कुठली, गिरण्या किती, एकोणिसावा प्रश्न तर मधमाश्यांच्या पोळ्यांचा, किती आहेत आणि कुणाच्या! आणि छत्तिसावा, गावात अगदी निराधार गरीब किती. अशी सुमारे १५ हजार गावं. एवढं करून मिळकतीप्रमाणे घ्यायचा तो एकच कर कधी लागूच झाला नाही, ज्यांना पहिल्यांदा भरावा लागला असता त्यांनी तो होऊ दिला नाही. पण उत्तरं राहिली, स्कॅन ऑनलाइन आहेत, एखादं छोटं गाव उघडून वाचाच.

ऐरण: मोजणी थोर होती, मान्य. पण वर ज्या गोद्यांचं कौतुक झालं तिथे राबायला माणसं कुठून आली तेही बघा. ३० जुलै १७४९ ला एकाच वेळी सगळीकडे छापे, सुमारे ९ हजार माणसं धरली, पुरुष आणि सात वर्षांवरची पोरं गोद्यांत, बायका आणि लहानगी वेगळीकडे कोंडलेली, म्हणजे पुढची पिढीच होऊ नये हा हिशेब. कल्पना कास्तीयाच्या कौन्सिलचा (राज्यकारभाराच्या वरिष्ठ मंडळाचा) प्रमुख असलेल्या बिशपची, पण आखणी आणि हुकूम एन्सेनादाचे. यातले कितीतरी जण गावात स्थिरावलेले लोहार होते, शेजाऱ्यांनी, पाद्र्यांनी त्यांच्या बाजूने साक्षी दिल्या म्हणून काही महिन्यांत बरेच सुटले, उरलेल्यांना १७६३ नंतर माफी मिळेपर्यंत चौदा-पंधरा वर्षं काढावी लागली. माझ्या मते तो सुधारक होता आणि हेही त्यानेच केलं, एकाने दुसरं पुसलं जात नाही.

जुनीवही: कार्ताहेनाच्या गोदीचा आणि धरपकडीचा संबंध माझ्या लक्षातच आला नव्हता, मी दोन्ही वेगवेगळ्या प्रकरणांत वाचलं होतं. सगळ्यांचे आभार. आज रात्री एका गावाची चाळीसही उत्तरं वाचायला बसतो, छत्तिसाव्यापासून सुरुवात करतो.