रॉथकोच्या चित्रांसमोर जीव का गुदमरतो?

रंगरेषा:
लंडनच्या टेट मॉडर्न कलासंग्रहालयातली, अमेरिकन चित्रकार मार्क रॉथकोची सीग्राम चित्रं (न्यूयॉर्कच्या सीग्राम इमारतीतल्या रेस्टॉरंटसाठी काढलेली) पुस्तकात पाहिली तर नुसत्या मरून-काळ्या चौकटी. प्रत्यक्षात मात्र तिथे माणसं गप्प होतात, कुणाला रडू येतं, कुणी दोन मिनिटांत बाहेर पडतं. हे रंगाचं काम की आधी ऐकलेल्या गोष्टींचं? आणि पाहायची कशी?

कुंचला:
ऐकलेल्याचा वाटा आहेच. ही चित्रं लंडनला पोचली त्याच दिवशी, २५ फेब्रुवारी १९७० ला, रॉथकोने जीव दिला. हे माहीत असलं की काळा जास्तच काळा दिसतो. पण मुख्य कारण कडा. त्या धूसर आहेत. नजर एका जागी १५-२० सेकंद रोखून धरा, बाजूचे आकार विरघळू लागतात. पापणी लवली की परत येतात. चौकट श्वास घेतेय असं वाटतं ते यामुळे. ट्रॉक्सलर या स्विस वैद्याने हे १८०४ मध्येच नोंदवलंय.

दुसरं, थर. खाली सरसात कालवलेला मरून रंग, वर अंडं आणि डॅमर नावाची झाडाची राळ घातलेले, टर्पेंटाइनने पातळ केलेले हात. कुठे चकाकी, कुठे मुकेपणा. दोन पावलं बाजूला सरका, काळ्यात दडलेला खांब उमटतो. फोटोत हे येतच नाही.

उजेडातून थेट आलात तर पहिली आठ-दहा मिनिटं डोळे सरावण्यात जातात. घाईचा प्रेक्षक तिथेच फसतो. बाकावर बसा, मग उठून जवळ जा. रॉथकोला चित्रं मंद उजेडात हवी असत. मोठी चित्रं एरवी जमिनीलगत, फार तर सहा इंच वर; ही सीग्राम चित्रं मात्र त्याला बरीच उंच टांगलेली हवी होती.

जुनी भिंत:
सगळं डोळ्यांवर ढकलू नका. कोंडल्यासारखं वाटावं हा रॉथकोचा हेतूच होता. फ्लॉरेन्सच्या लॉरेन्शियन ग्रंथालयात मायकेलअँजेलोने जिन्याच्या दालनात बुजवलेल्या खिडक्या केल्यात. त्या रॉथकोच्या मनात होत्या. म्हणून एकच चित्र निवडून पाहू नका, खोलीच्या मधोमध उभं राहून चारी बाजूंनी घेरलं जाऊ द्या. गरगरलं तर जमिनीकडे पाहा. तिला स्पष्ट रेषा आहेत, डोळ्यांना धरायला काहीतरी मिळतं.

कुंचला:
मान्य, हेतूचा मुद्दा माझ्याकडून राहिला. मंद उजेडाबद्दल एक भर: हार्वर्डमधल्या त्याच्या चित्रांवर ऊन आलं आणि लिथॉल रेड हा लाल रंग उडून किरमिजी भाग फिके निळे पडले.