मदत हवी आहे: परदेश दौऱ्यात आपल्या सेन्सॉरचं प्रमाणपत्र चालतं का?

तिसरी_घंटा
दोन अंकी नाटक, विषय बुवाबाजी. मंडळाचं प्रमाणपत्र आहे, दोन कट मान्य करून मिळालेलं. दौऱ्याच्या तारखा ठरल्यात आणि आता आयोजक म्हणतो, संहिता पाठवा, तिकडची परवानगी लागेल. प्रमाणपत्र असताना पुन्हा परवानगी कसली? आणि नटांवर केस होऊ शकते का? लवकर सांगा, सोमवारी तिकीटविक्री उघडायची आहे.

नेपथ्यवाला
देश कोणता? तेच लिहिलेलं नाही.

तिसरी_घंटा
दुबई, मग सिंगापूर, मग लंडन. दुबईला तीन आठवडे आहेत.

कलम_आणि_पोटकलम
आधी दुबईची तिकीटविक्री थांबवा. रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र महाराष्ट्राच्या हद्दीपुरतं असतं. त्याचा आधार महाराष्ट्र पोलीस अधिनियम १९५१, कलम ३३ खालचे नियम. गोव्यातसुद्धा त्याला अर्थ नाही, दुबईत कुठून असणार?

दुबईत परवाना पर्यटन खात्याच्या ई-परमिट प्रणालीतून निघतो आणि अर्ज तिथलीच परवानाधारक संस्था करते. तुम्हाला तो थेट करता येत नाही. प्रयोग फुकट ठेवला तरी परवाना लागतोच. आता सांगा, आक्षेपार्ह वाटेल असं नेमकं काय आहे? ‘बुवाबाजी’ एवढ्यावरून काही कळत नाही.

तिसरी_घंटा
दुसऱ्या अंकात बुवा हातात दारूचा ग्लास घेऊन आरती म्हणतो. शिवाय बुवाची लकब एका हयात बुवांसारखी आहे. नाव घेतलेलं नाही.

बुकिंग_खिडकी
मग दुबईत तो प्रवेश काढाच. तिथे धर्म, पूजाविधी, श्रद्धास्थानं यांचा अवमान हा फौजदारी गुन्हा आहे. २०१५चा कायदा जाऊन २०२३ साली ३४ क्रमांकाचा नवा आला. शिवाय २०२१चा सायबर कायदा आहे. प्रयोगाची क्लिप कुणी टाकली तर ते आणखी वेगळं प्रकरण. लंडनला मात्र बिनधास्त करा, तिथे १९६८पासून सेन्सॉर नाही.

कलम_आणि_पोटकलम
‘बिनधास्त’ हा सल्ला चुकीचा आहे. १९६८च्या थिएटर्स अ‍ॅक्टने पूर्वपरीक्षण गेलं, जबाबदारी गेली नाही. कलम २ अश्लीलतेचं आहे, पण खटल्याला अ‍ॅटर्नी जनरलची संमती लागते. तुम्हाला लागू पडेल ते कलम ४: रंगमंचावर उच्चारलेलं वाक्य कायमस्वरूपी प्रकाशन मानलं जातं, म्हणजे छापील बदनामीइतकं गंभीर. नाव न घेताही माणूस ओळखता येत असेल तर दावा होऊ शकतो. लकब बदला. लंडनला आरती राहू द्या.

बुकिंग_खिडकी
संमती लागते म्हणून निश्चिंत राहू नका. १९८२ साली एका दिग्दर्शकावर थिएटर्स अ‍ॅक्ट टाळून १९५६च्या लैंगिक गुन्ह्यांच्या कायद्याखाली खाजगी खटला भरला होता. तो मध्येच बारगळला, पण माणूस ओल्ड बेलीत, म्हणजे लंडनच्या फौजदारी न्यायालयात, उभा राहिलाच.

विंगेतून
कायद्यापेक्षा गर्दीचं बघा. २००४च्या डिसेंबरात बर्मिंगहॅममध्ये ‘बेझ्ती’ या नाटकाचे प्रयोग कोणत्याही कोर्टाने थांबवले नव्हते. बाहेर निदर्शनं हिंसक झाली आणि सुरक्षेच्या कारणाने नाट्यगृहानेच ते रद्द केले. म्हणून करारात लिहून घ्या: असं रद्द झालं तर भाडं, विमानभाडं आणि नटांची नाइट (प्रयोगाचं मानधन) कोण देणार.

नेपथ्यवाला
सेट नेणार असाल तर एटीए कार्नेट काढा, म्हणजे सामान तात्पुरतं नेऊन परत आणायचं कस्टमचं कागदपत्र. भारतात ते फिक्की देते, मुदत एक वर्ष. यादीत प्रत्येक वस्तूचं वजन आणि किंमत लिहावी लागते. यादीत नसलेली खुर्ची कस्टममध्ये अडते. नाटकातलं खोटं पिस्तूल असेल तर विमान कंपनीला आधी लेखी कळवा.

तिसरी_घंटा
सेट तिकडेच उभारणार आहोत. नटांवरच्या केसचं कुणीच सांगितलं नाही.

कलम_आणि_पोटकलम
होऊ शकते. भारतीय न्याय संहिता नागरिकाला परदेशातही लागू आहे. तपास होऊ शकतो, पण परदेशात घडलेल्या गुन्ह्याचा खटला चालवायला नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २०८ प्रमाणे केंद्राची पूर्वसंमती लागते. धार्मिक भावना दुखावण्याचं कलम (जुन्या दंडसंहितेचं २९५ अ, आता न्याय संहितेचं २९९) लावलं तर कोर्टाने दखल घेण्याआधी सरकारची मंजुरी हवी, नागरिक सुरक्षा संहितेचं कलम २१७. पण क्लिप इथे पसरली तर गुन्हा इथेच घडला असं म्हणता येतं, मग २०८ची ढाल राहत नाही. म्हणून तिन्ही ठिकाणी चित्रीकरणबंदीची घोषणा करा.

विंगेतून
मुळात आपल्याकडचं पूर्वपरीक्षणच जायला हवं. १८७६चा नाट्यप्रयोग कायदा २०१८मध्ये रद्द झाला, मंडळ मात्र तसंच आहे.

बुकिंग_खिडकी
मुद्दा रास्त आहे, वेगळा धागा काढा. सिंगापूर राहिलं. तिथे आयएमडीए या सरकारी माध्यम-नियामक संस्थेचा परवाना लागतो, संहिता द्यावी लागते आणि वयोगटाचा शिक्का मिळतो. शिक्का ‘आर १८’ (फक्त १८ आणि त्यापुढच्यांसाठी) आला तर दारावर वय तपासावं लागेल. तिकिटावर तो छापायचा असतो, म्हणून विक्री त्यानंतरच. त्यांना इंग्रजी अनुवाद द्या, तोही प्रयोगात बोलली जाते त्याच संहितेचा.

तिसरी_घंटा
इथे अडचण आहे. बुवा करणारे नट रोज पदरची वाक्यं घेतात.

कलम_आणि_पोटकलम
दौऱ्यात ते बंद. दुबई आणि सिंगापूरला मंजूर झालेलंच बोलायचं, एक वाक्य वाढलं तरी परवान्याचा भंग होतो. लंडनला वाद झाला तर थिएटर्स अ‍ॅक्टच्या कलम ९ प्रमाणे संहिता पुरावा ठरते, उलट पुरावा नसेल तर प्रयोग तसाच झाला असं धरतात. म्हणून प्रॉम्प्टरच्या प्रतीत बदल तारखेसह लिहा आणि पान सही करून ठेवा. ब्रिटनमध्ये नाटक पहिल्यांदाच होत असेल तर प्रयोगापासून महिन्याच्या आत संहितेची प्रत ब्रिटिश लायब्ररीला द्यायची असते, त्याच कायद्याचं कलम ११. ती प्रत आणि प्रॉम्प्टरची प्रत जुळलीच पाहिजे.