‘युनिव्हर्स’ (१९६०) गुहागरच्या किनाऱ्यावर: दिवस, पडदा आणि ग्रहांची मापं

प्रश्न: सातवी-आठवीच्या ४० मुलांना कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचा ‘युनिव्हर्स’ हा विश्वावरचा लघुपट दाखवायचा आहे. त्याआधी वाळूवर सूर्यमाला मापात मांडायची आहे. दिवस कोणता घ्यावा? प्रमाण काय ठेवावं? (खाली उत्तरं देणाऱ्यांची टोपणनावं आहेत.)

सुरूचं बन: अमावास्या धरा. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते, म्हणून अमावास्येला (पंधरावी तिथी) भरती बाराच्या सुमाराला आणि सुकती (ओहोटी) सहाच्या. पाचला वाळू मोकळी मिळते, साडेसातला काळोख. पण तेच उधाण रात्री बाराला वर चढतं, तेव्हा दहाच्या आत आवरा.

पडदा किनाऱ्याला समांतर बांधू नका, समुद्रावरचा वारा त्याचं शीड करतो. काटकोनात लावा, खालच्या काठात बांबू ओवा. मांजरपाट दुहेरी घ्या. कृष्णधवल पट आहे, एकेरी कापडातून उजेड आरपार गेला की तारे फिके पडतात.

नारळसूर्य: प्रमाण १ सेंटिमीटरला १ लाख किलोमीटर. सूर्य १४ सेंटिमीटर, मोठा सोललेला नारळ किंचित कमी पडतो, चालेल. पृथ्वी म्हणजे नाचणीचा दाणा, १५ मीटरवर. तिच्यापासून ३.८ सेंटिमीटरवर चंद्र, बारीक रव्याचा कण. गुरू ७८ मीटरवर, लहान गोटी. नेपच्यून ४५० मीटरवर, मिरीचा दाणा. दाणे पांढऱ्या पुठ्ठ्यावर चिकटवा, वाळूत गेले की संपलं. नेपच्यूनपाशी उंच काठीला लाल फडकं बांधा, नाहीतर नारळाकडून काहीच दिसत नाही.

या मापात प्रकाश सेकंदाला ३ सेंटिमीटर सरकतो. कुर्ली (खेकडा) सहज पुढे जाईल. सर्वांत जवळचा तारा ४,००० किलोमीटरवर, म्हणजे सिंगापूरच्याही पलीकडे.

सुरूचं बन: मांडणी आधी, पट नंतर, हा क्रम उलटवू नका. पडद्यावर एका ग्रहावरून दुसऱ्यावर क्षणात जाता येतं, मग ४५० मीटरची पायपीट मुलांना खोटी वाटते.

खाडीकाठ: पट अर्ध्या तासाच्या आतला, निवेदन इंग्रजी. आधी दहा मिनिटं मराठीत सांगा, मध्ये थांबवू नका. तो मंगळाजवळून गेलेल्या मरिनर-४ यानाच्या आधीचा आहे. मंगळावरची विवरं १९६५ साली दिसली, विश्वाचं पार्श्वप्रारणही (महास्फोटातून उरलेले, सगळीकडून येणारे क्षीण किरण) त्याच वर्षी सापडलं. प्लूटो तेव्हा ग्रहच होता. हे तिन्ही आधीच सांगून टाका. निवेदक डग्लस रेन, पुढे ‘२००१: अ स्पेस ओडिसी’ या चित्रपटातला ‘हाल’ नावाचा संगणक त्याच्याच आवाजात बोलतो. फाईल आदल्या दिवशी तपासा आणि सार्वजनिक खेळाची परवानगी आधी मागा.